मुलांना कच्चं फुटेज द्या: मास मीडिया विभागांना एक खुलं पत्र

प्रति,
ठाणे आणि नवी मुंबईतल्या महाविद्यालयांच्या मास मीडिया विभागांचे प्रमुख आणि प्राध्यापक यांस,

सप्रेम नमस्कार.

मी माहितीपटांचं संकलन करते. ठाण्यात घंटाळीला दोन खोल्यांत माझं काम चालतं. तुमच्या परीक्षा आटोपल्या की इंटर्नशिप मागणारे मेल यायला लागतात. मुलं हुशार असतात, अदबीनं लिहितात. मेलमध्ये येत असलेल्या सॉफ्टवेअरची यादी असते: प्रीमिअर प्रो, दाविंची रिझॉल्व्ह, आफ्टर इफेक्ट्स, आणि हल्ली दोन-तीन एआयची नावं. सोबत दीड मिनिटाचा शोरील (स्वतःच्या कामाचे निवडक तुकडे), गाण्याच्या ठेक्यावर कापलेला, चकाचक. भेटायला आल्यावर मी त्यांना पन्नास मिनिटांची एक अख्खी मुलाखत लावून देते आणि सांगते, टाइमलाइनला हात लावायचा नाही, नुसतं ऐकायचं, आणि हा माणूस काय म्हणत होता ते झाल्यावर मला सांगायचं. दहाव्या मिनिटाला हात माउसकडे जातो. मुलाखत संपल्यावर उत्तर येतं, "मॅम, बाइट चांगले आहेत, पण फार लांबलंय."

मुलांवर चिडून उपयोग नाही. तीन वर्षांत त्यांना अख्खी मुलाखत कुणी ऐकायला लावलेलीच नसते. म्हणून हे पत्र तुम्हाला.

तुमच्या अडचणी मला दिसतात. अभ्यासक्रम विद्यापीठातून येतो. लॅबमध्ये एका मशीनवर तिघं-चौघं. एडिटिंग शिकवायला बाहेरून कुणीतरी येणार, तासावर मानधन घेणार, आणि तासही मोजकेच. तेवढ्यात बटणं शिकवून होतात आणि परीक्षेत तीच विचारता येतात. पण बटणं मुलं यूट्यूबवरून शिकतातच, तुमच्या आधी शिकतात, आणि सॉफ्टवेअरची पुढची आवृत्ती आली की निम्मी बटणं जागा बदलतात. त्यासाठी फी भरून, लोकलला लटकून कॉलेजात यायची गरज उरलेली नाही.

कथापटाच्या एडिटरसमोर पटकथा असते. सीन, शॉट, टेक, सगळ्यांना क्रमांक असतात, क्लॅपवर लिहिलेले असतात. माहितीपटाच्या एडिटरसमोर हार्ड डिस्क येते. आत 'न्यू फोल्डर २', 'डे फोर फायनल', 'ड्रोन मिक्स' असले फोल्डर. मुख्य कॅमेरा सेकंदाला २५ फ्रेमवर, ड्रोनवाल्यानं ३० ठेवलेले, आणि दिग्दर्शकानं घाईत मोबाइलवर घेतलेल्या क्लिपचा फ्रेम रेट चालताचालता बदलणारा, त्यामुळे थोड्या वेळानं ओठ एकीकडे आणि आवाज दुसरीकडे. एका तासाच्या फिल्मसाठी साठ, ऐंशी, शंभर तासांचं चित्रीकरण ही आता नवलाची गोष्ट राहिलेली नाही. सेकंदाला १०० मेगाबिटनं घेतलेलं फुटेज तासाला ४५ जीबी जागा खातं. शंभर तासांचे साडेचार टीबी झाले. त्याच्या तीन प्रती करायच्या, दोन वेगळ्या प्रकारच्या साधनांवर, आणि त्यातली एक दुसऱ्या कुणाच्या तरी घरी ठेवायची.

मग ते सगळं बघायचं. सगळं म्हणजे सगळं. कॅमेरा बंद करायचा राहिला म्हणून रेकॉर्ड झालेलं सुद्धा. बघताना लॉग लिहायचा: टाइमकोड (कितव्या मिनिट-सेकंदाला), कोण, काय बोललं, कसं बोललं, मागे काय चाललं होतं. यात आठवडे जातात. निर्माता विचारतो, "एडिट सुरू झालं की नाही अजून?" त्याला सांगावं लागतं, की साहेब, हेच एडिट चाललंय. त्याला ते पटत नाही, कारण स्क्रीनवर अजून काही कापलेलं दिसत नसतं. नंतर निवडलेले तुकडे ओळीनं लावून असेंब्ली होते, तीन-चार तासांची, बघवत नाही अशी. तिच्यातून रफ कट, मग फाइन कट, मग पिक्चर लॉक (यापुढे चित्रात बदल नाही), आणि त्यापुढे साउंड आणि ग्रेडिंगवाले, म्हणजे रंग ठीक करणारे. कोण बोलणार, सुरुवात कुठून होणार, कुणाचं म्हणणं कुणाच्या शेजारी बसणार, हे मधल्या टप्प्यात एका बंद खोलीत दिग्दर्शक आणि एडिटर मिळून ठरवतात. माहितीपटाचं लेखन म्हणतात ते बऱ्याच अंशी हेच.

(भारतात अगदी सुरुवातीला फिल्म टिपणाऱ्या सावेदादा भाटवडेकरांनी १८९९ मध्ये मुंबईच्या हँगिंग गार्डनमधली कुस्ती टिपली तेव्हा ही भानगड नव्हती. हँडल फिरवलं, रीळ संपलं, फिल्म झाली. आपल्याकडे रीळ संपतच नाही, ही आपली पंचाईत.)

एक उदाहरण देते. जमिनीच्या मोबदल्यासाठी १९८४ च्या जानेवारीत उरण तालुक्यात झालेल्या आंदोलनात पाच शेतकरी गोळीबारात गेले. त्या आंदोलनात असलेल्या एका आजोबांची मुलाखत आमच्याकडे होती. आजोबा सगळं नीट सांगतात, तारखांसकट, क्रमानं. वर्षानुवर्षं दर स्मृतिदिनाला, दर पत्रकाराला सांगितलेलं ते. आता पाठ झालंय. इंटर्ननं तोच भाग उचलला, कारण तो स्वच्छ होता, कापायला सोपा होता. पुढे बऱ्याच वेळानं, प्रश्न संपल्यावर, आजोबा सुनेला विचारतात, की या मंडळींना कुठल्या वाटेनं आणलंस? आणि मग जुनी वाट कुठून कुठे जायची, कुणाच्या खळ्यावरून, कुठल्या बांधापाशी चप्पल हातात घ्यावी लागायची, ते सांगत बसतात. ते गाव नवी मुंबईच्या विमानतळासाठी उठलं. तरघर, कोंबडभुजे, चिंचपाडा अशी जी गावं हलवली त्यांतलंच एक. उलव्याची टेकडीही कापली गेली, नदीचा प्रवाह वळवला गेला. ८ ऑक्टोबर २०२५ ला उद्घाटन झालं, २५ डिसेंबरपासून विमानं उडायला लागली, आणि ती वाट आता फक्त त्या हार्ड डिस्कवर आहे. पाठ झालेल्या वर्णनापेक्षा ती वाट जास्त सांगते असं माझं मत. दिग्दर्शकाचं तसं नव्हतं. आम्ही कचाकचा भांडलो आणि शेवटी दोन्ही राहिलं. पण ती वाट फुटेजमध्ये आहे हेच ज्याला ठाऊक नाही, त्याला भांडताही येत नाही.

बोलीची कथा आणखी वेगळी. आगरी किंवा कोळी माणसाची मुलाखत मशीनला घालून मजकूर काढला, की जे बाहेर पडतं ते वाचून हसावं की रडावं कळत नाही. मिठागरावर काम केलेल्या एका बाईंच्या बोलण्यातलं 'आगर' मशीननं 'आगार' करून टाकलं, आणि मुलानं अगदी इमानदारीत त्यावर एसटी डेपोचे शॉट लावले! मूळ आवाज त्यानं ऐकलाच नव्हता, नुसता मजकूर वाचून कापत होता. आता तशी सोय आहे ना; वाक्य खोडलं की चित्रही कापलं जातं.

आणि तुमच्याच वर्गात ऐरोली, दिवाळे, बेलापूर, कळवा या बाजूंची आगरी-कोळी घरांतली मुलं बसलेली असतात. वर्गात ती घरच्यासारखी बोलत नाहीत, लाजतात. माझ्या खोलीत तो कान सगळ्यात मोलाचा आहे. आजी 'हो' म्हणाली ते पटलं म्हणून, की पाहुण्यांपुढे वाद नको म्हणून, हे त्यांना एका फटक्यात कळतं. मला तीनदा मागे जाऊन ऐकावं लागतं. त्यांच्या शिक्षकांनी हे त्यांना सांगायला हवं, आणि गुण देताना धरायलाही हवं.

आवाज साफ करण्याचं खूळ तर विचारू नका. वाशीच्या एपीएमसी बाजारात एका माथाडी कामगाराशी बोलणं झालं होतं. मागे टेम्पो रिव्हर्स घेतोय, कुणी भाव ओरडतोय, गोणी आपटल्याचा आवाज, आणि त्यात हा माणूस घसा ताणून पाठीच्या दुखण्याबद्दल सांगतोय. इंटर्ननं एका क्लिकमध्ये सगळा 'नॉइज' काढून टाकला. उरला एक माणूस, जो रिकाम्या केबिनमध्ये बसून विनाकारण ओरडतोय. तो का ओरडतोय, हे त्या गोंगाटात होतं. तांत्रिकदृष्ट्या काम उत्तम झालेलं होतं, तुमच्या परीक्षेत त्याला पैकीच्या पैकी मिळाले असते.

याहून गंभीर बाब जोडकामाची. माणूस दीड मिनिट बोलतो, आपल्याला वीस सेकंद हवी असतात. मग मधलं कापायचं, आणि उडी दिसू नये म्हणून वर हातांचा, खिडकीचा, कपबशीचा शॉट टाकायचा. हे सगळेच करतात, मीही रोज करते. पण 'कंपनीनं आम्हाला फसवलं असं सगळे म्हणतात, मला मात्र तसं वाटत नाही' या वाक्यातून 'कंपनीनं आम्हाला फसवलं' एवढंच उचलून वर कपबशी टाकली, तर बघणाऱ्याला कधीही कळणार नाही. ते माहीत असतं फक्त एडिटरला आणि बोलणाऱ्या बाईला. बोलणारी बाई फिल्म बघते, पाहुण्यांना दाखवते, आणि मग गावात तिला उत्तरं द्यावी लागतात. नीतिमत्तेचा पेपर तुम्ही शिकवता, त्यात पत्रकारांची उदाहरणं असतात. त्यात हे एक प्रात्यक्षिक घाला: मुलांनी कापलेली मुलाखत त्या माणसाला नेऊन दाखवायची आणि त्याच्या शेजारी बसून बघायची. अशा वेळी मुलं स्वतःहून घरी परत जाऊन कट बदलतात, मी पाहिलंय.

आता पैशाचं. याबद्दल कॉलेजात कुणी चकार शब्द काढत नाही, पॅशन पॅशन करतात.

एकेकाळी पेडर रोडवरच्या फिल्म्स डिव्हिजनमध्ये संकलकाला सरकारी नोकरी असायची. १९४८ मध्ये ती संस्था सुरू झाली, तिचे समाचारपट आणि माहितीपट थिएटरात मुख्य सिनेमाच्या आधी दाखवावेच लागत, त्यामुळे काम कधी आटत नव्हतं. स्टीनबेकवर (रीळ कापायच्या टेबलावर) बसून आयुष्य काढलेली, पेन्शन घेऊन निवृत्त झालेली माणसं तिथे होती. २०२२ मध्ये ती संस्था एनएफडीसीत, म्हणजे राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाली. तशीही पेन्शनवाल्या एडिटरची जमात त्याआधीच विरळ होत आली होती. आजचा माहितीपट-संकलक स्वतंत्र काम करतो. नुसत्या माहितीपटांवर घर चालणारे फार थोडे. बाकीचे कंपन्यांच्या फिल्म, संस्थांचे वार्षिक अहवाल, लग्नं, ओटीटीवरच्या गुन्हेगारी मालिका असं करत मधेच एखादी मनाजोगती फिल्म करतात. मला यात काही कमीपणा वाटत नाही. ओटीटीच्या मालिकांनी तर आमच्यातल्या अनेकांना पहिल्यांदा वेळेवर पैसे म्हणजे काय ते दाखवलं, आणि एका भागावर दोन-तीन एडिटर आणि स्टोरी प्रोड्यूसर अशी रीतही आणली. लॉकडाउननंतर घरून काम करता येतं, हाही मोठा फरक. पूर्वी ठाण्याहून घाटकोपर, तिथून मेट्रोनं अंधेरी, आणि रात्री तेच उलट. शेवटची गाडी चुकू नये म्हणून अर्धवट सोडलेले कट मला आजही आठवतात.

पण करार काय असतो हे मुलांना माहीत नसतं. हप्ते कसे बांधायचे: सुरुवातीला काही, रफ कटला काही, पिक्चर लॉकला काही, आणि अंतिम फाइल हातात देण्याआधी उरलेले. किती फेऱ्यांचे बदल त्या रकमेत येतात आणि त्यानंतरच्या 'एवढा एक छोटासा चेंज'चे वेगळे पैसे. श्रेयनामावलीत नाव कुठे आणि कसं येणार. हे आधी लिहून घेतलं नाही, तर वर्षभर बसून कापलेल्या फिल्मवर 'सहायक' म्हणून नाव लागतं, आणि पुढचं काम त्या नावावरच मिळायचं असतं.

कायद्याचं तर विचित्रच आहे. आयकराच्या नियमांत 'फिल्म आर्टिस्ट' कोण याची यादी आहे. त्यात अभिनेता, कॅमेरामन, दिग्दर्शकाच्या रांगेत एडिटरचं नाव स्वच्छ लिहिलेलं आहे. म्हणजे कर घ्यायच्या वेळी आम्ही कलावंत. १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात मात्र चित्रपटाचा कर्ता म्हणजे निर्माता. २०१२ च्या दुरुस्तीनं गीतकार, संगीतकार, लेखक यांच्या रॉयल्टीला आधार मिळाला, एडिटरला नाही. म्हणून जे काही मिळवायचं ते करारातच मिळवावं लागतं, आणि करार वाचायचा तर कुणीतरी शिकवायला हवं. कलावंत असल्याचा एक फायदाही आहे: ठरावीक मर्यादेपर्यंत ढोबळ कमाईच्या निम्मी रक्कम उत्पन्न धरून कर भरायची सोय. हे किती मुलांना ठाऊक असतं?

थकलेल्या बिलांबद्दल एवढंच सांगते. उद्यम या छोट्या उद्योगांच्या सरकारी पोर्टलवर नोंदणी फुकट होते. ती असली की २००६ च्या एमएसएमई (सूक्ष्म, लघु आणि मध्यम उद्योग) कायद्याप्रमाणे लेखी करार असला तरी पैसे जास्तीत जास्त ४५ दिवसांत द्यावे लागतात, लेखी करार नसेल तर १५ दिवसांत. उशीर झाला तर रिझर्व्ह बँकेच्या बँक रेटच्या तिप्पट दरानं, दरमहा चक्रवाढीनं व्याज. शिवाय २०२४-२५ या आकारणी वर्षापासून असे पैसे मुदतीत दिले नाहीत, तर ते प्रत्यक्ष देईपर्यंत तो खर्च देणाऱ्याला करपात्र उत्पन्नातून वजा करून मिळत नाही. एका मोठ्या निर्मितीसंस्थेकडे माझे पैसे कितीतरी महिने अडकले होते. विनंतीचे मेल वाचले जात नव्हते. उद्यम क्रमांक आणि कायद्याचं कलम घालून बिल पुन्हा पाठवलं, तर अकाउंट्समधून स्वतःहून फोन आला. एखाद्या सीएला बोलावून दोन तासांचं सत्र ठेवा. माहितीपटाच्या इतिहासावरच्या दहा व्याख्यानांपेक्षा ते जास्त मुलांना या धंद्यात टिकवेल. आणि जाताजाता, मुलांना बिनपैशाच्या इंटर्नशिपला पाठवून केवळ प्रमाणपत्रासाठी सही घ्यायची पद्धतही जरा तपासून बघा. जेवण आणि पास एवढं तरी समोरच्यानं द्यावं अशी अट कॉलेजनं घातली तर मोडते कोण?

तर माझं मागणं असं. एका सत्रासाठी मुलांना चित्रीकरण करायला लावू नका. त्यांना दुसऱ्या कुणीतरी चित्रित केलेलं दहा-पंधरा तासांचं कच्चं फुटेज द्या. मराठीतलं, आपल्या भागातलं. वर्गातल्या सगळ्यांना एकच फुटेज. पहिला महिना कापायला बंदी. लॉग हातानं लिहायचा, मुलाखती स्वतः ऐकून उतरवून काढायच्या, बोलीसकट. मग प्रत्येकानं त्यातून दहा मिनिटांची फिल्म काढायची आणि सगळ्या फिल्म एकापाठोपाठ बघायच्या. एकाच फुटेजमधून किती वेगवेगळी माणसं निघतात, हे त्या दुपारी कळेल. त्यासाठी महागडं मशीन लागत नाही. हलक्या प्रॉक्सी फाइलवर (मूळ फुटेजच्या लहान प्रतींवर) तुमच्या लॅबमधले जुने कम्प्युटरही चालतात, आणि रिझॉल्व्हची फुकट आवृत्ती पुरते.

फुटेज आणायचं कुठून? आमच्यासारख्यांच्या कपाटात पडलंय. जे फिल्ममध्ये गेलं ते शेकड्यात एक, बाकीचं डिस्क बंद पडायची वाट बघतंय. त्यात भरावाआधीची खाडी आहे, चालू मिठागरं आहेत, ठाणे-बेलापूर रस्त्यावरच्या बंद पडलेल्या कारखान्यांचे कामगार आहेत, विमानतळाखाली गेलेली गावं आहेत. तुमच्यापैकी चार-पाच कॉलेजांनी मिळून एक सर्व्हर घेतला आणि ग्रंथपालांकडे सोपवला, तर मुलांना अभ्यासाला माल मिळेल आणि या भागाची नोंदही राहील. हक्क निर्मात्याचे असतात, त्यामुळे लेखी परवानगी लागेल. मुलाखत दिलेल्या माणसांनाही विचारावं लागेल, कारण त्यांनी होकार एका फिल्मला दिलेला असतो. कटकट आहे, पण एकदाच करायची आहे.

सुरुवात माझ्याकडून करते. मिठागरांवरचं फुटेज द्यायला निर्माते तयार आहेत, फक्त वर्गात वापरायच्या अटीवर, आणि तसं पत्र त्यांनी दिलं आहे. मुलाखती दिलेल्या कुटुंबांशीही बोलून झालंय. एका घरानं नको म्हटलं, त्यांचा भाग काढून टाकला आहे. ज्या विभागाला हवं असेल त्यांनी एक विद्यार्थी पाठवावा, प्रमुखांनी येण्याचा त्रास घेऊ नये. सोबत दोन टीबीची रिकामी डिस्क, एक्सफॅटमध्ये फॉरमॅट केलेली, आणि स्वतःची केबल. दुपारी तीननंतर कधीही. शनिवार सोडून, शनिवारी वरच्या मजल्यावर तबल्याचा क्लास असतो, मी हेडफोन घट्ट लावून बसते आणि बेल ऐकू येत नाही.

आपली,
घंटाळीची एक संकलक